पहिल्या शिंगाची खुर्ची

मुलाने बापाचे नाव काढले, असे आपण मोठ्या कौतुकाने म्हणतो. पण कधीकधी मुलगा इतका मोठा होतो, की नाव काढता काढता तो बापाचे नाव पुसूनच टाकतो. मग ‘अमक्याचे वडील’ एवढीच त्या बापाची ओळख मागे उरते. जर्मनीतल्या म्युनिक शहरी राहणाऱ्या फ्रान्झ स्ट्राउस नावाच्या शिंगवादकाचे असेच झाले. त्याचा मुलगा रिचर्ड स्ट्राउस हा विसाव्या शतकातला थोर संगीतकार. (व्हिएन्नाला आपल्या वॉल्ट्झवर नाचायला लावणारा योहान स्ट्राउस तो निराळा, दोघांचे आडनाव तेवढे एक, नाते काही नाही.) मुलाच्या चरित्रात पहिल्या प्रकरणापुरता बाप येतो, चार रागीट वाक्ये बोलतो आणि निघून जातो.

या सदरात आपण नेहमी एका माणसाची ओळख करून घेतो. दिवाळी अंकाच्या निमित्ताने या खेपेस जागा जरा ऐसपैस मिळाली आहे, तेव्हा पहिल्या प्रकरणात निघून जाणाऱ्या या गृहस्थाला थोडे बसवून घ्यावे असे मनात आले. माझा व्यवसाय मराठी शिकवण्याचा. पाश्चात्त्य संगीतातला अधिकार म्हणाल तर कानसेनापुरता. पण फ्रान्झ स्ट्राउसची गोष्ट नुसती संगीताची नाही. आपल्याला मुळीच न आवडणारे काम माणसाने कसे करावे, आणि आपल्या हाताखालची मुले आपल्याकडून नेमके काय उचलतात, या दोन प्रश्नांची ती गोष्ट आहे; आणि हे प्रश्न तुमच्या-माझ्या घरातले आहेत.

आधी त्याच्या वाद्याविषयी सांगितले पाहिजे. शिंग म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे तुतारी येते. पालखीपुढे किंवा वरातीपुढे ती फुंकली, की काम झाले. युरोपातले शिंगही मुळात असेच रानातले, शिकाऱ्यांनी एकमेकांना इशारे देण्याचे. पुढे ते वाद्यवृंदात आले आणि सभ्य झाले. त्याची पितळी नळी वेटोळे घालून गुंडाळलेली असते. ती उलगडून सरळ केली, तर सुमारे १२ फूट भरेल. एका टोकाला ओठ टेकायचे आणि दुसऱ्या टोकाच्या कर्ण्यासारख्या पसरट तोंडात उजवा हात घालायचा. जुन्या शिंगाला ना भोके होती, ना पट्ट्या. निसर्गाने त्या नळीत जे मोजके स्वर ठेवले असतील, तेवढेच ओठांच्या ताणाने काढायचे. मधले स्वर हवे असतील, तर आतल्या हाताने तोंड कमीअधिक झाकून ते कसेबसे मिळवायचे. एकोणिसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात जर्मनीत शिंगाला बोटांनी दाबण्याच्या झडपा बसल्या. झडप दाबली की हवेला जादा नळीतून वळसा पडतो, नळी तेवढी लांब होते आणि स्वर खाली उतरतो. झडपा आल्या आणि शिंगाला सगळे स्वर मिळाले.

तरी वाद्य सोपे झाले नाही. शिंगाची खरी मेख अशी, की वरच्या अंगाला त्याचे स्वर एकमेकांना अगदी खेटून बसलेले असतात, चाळीतल्या बिऱ्हाडांसारखे. ओठाचा ताण किंचित चुकला, की आपण स्वतःच्या दाराऐवजी शेजाऱ्याच्या दारात जाऊन उभे! आणि शेजाऱ्याने दार उघडल्याचे सगळ्या सभागृहाला ऐकू जाते. सारंगी-व्हायोलिनवाल्याला निसटता स्वर सावरून घेता येतो. शिंगवाल्याचा फुटलेला स्वर फुटला तो फुटलाच. एखाद्या संथ प्रसंगी साठ-सत्तर वादक गप्प असतात आणि एकट्या पहिल्या शिंगावर सगळा भार येतो. त्या दोन ओळी वाजवणाऱ्या माणसाच्या पोटात काय होत असेल, ते त्याचे त्यालाच ठाऊक.

अशा या वाद्याचा स्वामी फ्रान्झ स्ट्राउस २६ फेब्रुवारी १८२२ रोजी बव्हेरियातल्या पार्कश्टाइन या लहान गावी जन्मला. आईबापांचे लग्न झालेले नव्हते आणि बापाने पुढे या मायलेकरांची वास्तपुस्त घेतली नाही. मुलाला वाढवले ते मामाने. मामा योहान गेओर्ग वाल्टर नाबबुर्ग गावचा मनोरेवाला वादक होता. त्या काळी जर्मन गावांतून असा एक माणूस असे. त्याने मनोऱ्यावरून गावावर नजर ठेवायची, आग दिसली तर शिंग फुंकून वर्दी द्यायची आणि गावच्या लग्नामयताला वाजवायचे. मामाकडे जी वाद्ये होती ती सगळी भाच्याच्या हाती पडली: व्हायोलिन, क्लॅरिनेट, गिटार, पितळी वाद्ये. शिस्त कडक आणि पोटापाण्याची काळजी लहानपणापासूनच. वाजवणे ही त्या मुलाची हौस नव्हती, भाकरी होती. हे त्याच्या पुढच्या स्वभावाला समजून घेताना ध्यानात ठेवावे लागते.

पंधराव्या वर्षी तो म्युनिकला ड्यूक मॅक्स यांच्या पदरी लागला. हे ड्यूक स्वतः झिथर नावाचे तंतुवाद्य हौसेने वाजवीत. ऑस्ट्रियाची सम्राज्ञी एलिझाबेथ, जिला जग ‘सिसी’ म्हणून ओळखते, ती यांची मुलगी. या नोकरीतून १८४७ साली फ्रान्झ राजदरबारच्या वाद्यवृंदात शिरला आणि १८८९ पर्यंत, म्हणजे तब्बल ४२ वर्षे तिथेच राहिला. तो पहिल्या शिंगाच्या खुर्चीवर बसे. ही खुर्ची म्हणजेच त्याचा संसार, असे म्हणण्याची पाळी दैवाने त्याच्यावर एकदा आणलीही. १८५१ साली त्याने लग्न केले. पहिला मुलगा तान्हेपणीच क्षयाने गेला. १८५४ साली म्युनिकला कॉलऱ्याची साथ आली, तीत बायको गेली आणि लहानगी मुलगीही गेली. तिशी नुकती ओलांडलेला हा माणूस पुन्हा जसा आला होता तसा एकटा झाला. नऊ वर्षे तो तसाच राहिला. १८६३ साली म्युनिकमधल्या प्शोर या धनाढ्य बिअरवाल्यांच्या घराण्यातली योझेफीन त्याच्या घरी आली आणि ११ जून १८६४ रोजी रिचर्ड जन्मला.

घरात फ्रान्झ फार कडक होता. संतापी, हट्टी, आपल्या मतापासून तसूभर न ढळणारा. त्याच्या संगीताच्या देव्हाऱ्यात तीन देव होते: मोझार्ट, हायडन आणि बेथोव्हन. त्यांतही मोझार्ट मधोमध. त्यांच्यापासून जरा अंतर राखून शूबर्ट, वेबर, मेंडेल्सोन यांना पाट मांडलेला. त्यापुढे दार बंद. नेमक्या त्याच सुमारास त्या दारावर एक माणूस जोराने धक्के देत होता. त्याचे नाव रिचर्ड वाग्नर.

बव्हेरियाचा तरुण राजा दुसरा लुडविग वाग्नरच्या भजनी लागला होता. त्यामुळे वाग्नरची नवी संगीतनाटके एकामागून एक म्युनिकलाच प्रथम उभी राहिली: ‘ट्रिस्टान’ १८६५ साली, ‘माइस्टरझिंगर’ १८६८ साली, ‘राइनगोल्ड’ १८६९ साली आणि ‘वाल्क्यूर’ १८७० साली. या सगळ्यांत पहिले शिंग फ्रान्झ स्ट्राउसचे. आणि फ्रान्झला वाग्नरचे संगीत सहन होत नसे! त्यातला गोंगाट, ती न संपणारी लांबी, तो उन्माद, सगळेच त्याला नकोसे होते. आपल्याकडे एखाद्या जुन्या वळणाच्या धृपदियाला रोज रात्री नव्या नाटकाच्या साथीला बसवावे, तसा हा प्रकार. शिवाय वाग्नर शिंगवाल्यांना जे वाजवायला लावी, ते क्लॅरिनेटवाल्याने वाजवावे असे अवघड असते, ही त्याची तक्रार वेगळीच.

या काळच्या काही हकिगती मुलाने पुढे आपल्या आठवणींत लिहून ठेवल्या आहेत. ‘माइस्टरझिंगर’च्या तालमी चालल्या होत्या. वाद्यवृंद चालवीत होता हान्स फोन ब्यूलो. हा त्या काळचा अव्वल दर्जाचा संचालक, पण जिभेने तिखट. तालीम लांबता लांबता इतकी लांबली, की फ्रान्झने शिंग खाली ठेवले आणि आता आपल्याला फुंकवत नाही असे सांगितले. ब्यूलो उखडला. फुंकवत नसेल तर पेन्शन घ्या, म्हणाला. फ्रान्झने शिंग उचलले, तडक नाट्यगृहाच्या मुख्य अधिकाऱ्याकडे गेला आणि ब्यूलोसाहेबांच्या आज्ञेवरून मला पेन्शन द्या, अशी मागणी त्याच्यापुढे ठेवली. अधिकाऱ्याची काय तारांबळ उडाली असेल! पहिल्या प्रयोगाला असा वादक गमावणे कोणाला परवडणार? प्रकरण कसेबसे मिटवले गेले. आणखी एकदा फ्रान्झ आपल्या जागी तोंड पाडून बसला असता वाग्नर जवळून चालला होता. हे शिंगवाले नेहमी उदासच, असे काहीसे तो म्हणाला. उदास असायला कारणही तसेच आहे, असे फ्रान्झने जागच्या जागी सुनावले. नोकराने मालकाला असे उत्तर द्यायचा तो काळ नव्हता. पण मामाच्या मनोऱ्यावर वाढलेल्या या माणसाला भीड ठाऊक नव्हती.

आता खरी गोष्ट पुढेच आहे. एवढे भांडून, चरफडून झाल्यावर, रात्री पडदा वर गेला की हा माणूस काय करी? तो अप्रतिम वाजवी. इतके अप्रतिम, की हा स्ट्राउस असह्य माणूस खरा, पण तो शिंग वाजवू लागला की त्याच्यावर रागावता येत नाही, असा कबुलीजबाब खुद्द वाग्नरने दिला. आणि ज्या ब्यूलोशी तालमीत हमरीतुमरी झाली, त्याने त्याला ‘शिंगवाल्यांतला योआखिम’ म्हटले. योआखिम हा त्या काळचा व्हायोलिनचा बादशहा. तेव्हा याहून मोठी पदवी ब्यूलोच्या झोळीत नव्हतीच.

वाचकहो, यावर क्षणभर थांबावेसे वाटते. शिंगाचा स्वर किती सहज फुटतो ते आपण पाहिले. वाग्नरच्या नाटकात एखाद्या नाजूक जागी फ्रान्झने स्वर फोडला असता, तर त्याच्यावर आळ घेण्याची कोणाची छाती होती? वाद्यच तसे, असे म्हणून सगळ्यांनी सोडून दिले असते. सूड उगवायला इतके सोयीचे हत्यार कोणाच्याच हाती नसेल. ते त्याने वापरले नाही. भांडण करायचे ते तोंडावर, दिवसाउजेडी. वाजवताना मात्र प्रामाणिकपणे वाजवायचे. आपण कचेरीत, शाळेत, कारखान्यात याच्या नेमके उलट करतो. वरिष्ठांपुढे ‘होय साहेब’ म्हणतो आणि न पटलेले काम हळूच ढिले सोडतो. फ्रान्झ स्ट्राउसची जीभ ‘नाही’ म्हणत होती आणि त्याचे ओठ ते काम चोख करीत होते.

त्याला संत ठरवण्याचा माझा हेतू नाही. १८८२ साली बायरॉइटला वाग्नरच्या ‘पार्सिफाल’चे पहिले प्रयोग झाले, तेव्हाही म्युनिकचा वाद्यवृंद तिथे गेला आणि फ्रान्झने तेही वाजवले. पुढच्याच वर्षी १३ फेब्रुवारीला वाग्नर व्हेनिसला वारला. म्युनिकला संचालक हेर्मान लेवी याने वादकांना ही बातमी सांगून उभे राहण्यास सांगितले, तेव्हा सगळे उठले. एकटा फ्रान्झ बसून राहिला, असे सांगतात. काहींना यात बाणेदारपणा दिसतो. मला दिसत नाही. मरणाऱ्याबरोबर वैर मरते, असे आपली जुनी माणसे म्हणत, ते खरे. जिवंत वाग्नरला तोंडावर सुनावण्यात मर्दुमकी होती. मेलेल्या वाग्नरसाठी उभे न राहण्यात कसली मर्दुमकी? पण माणसाचे गुण आणि दोष एकाच कापडाचे असतात. ज्या हट्टाने तो खुर्चीवर बसून राहिला, त्याच हट्टाने तो स्वर फुटू देत नव्हता.

याच हट्टाने तो शिकवीतही असे. १८७१ साली त्याची म्युनिकच्या संगीत विद्यालयात प्राध्यापक म्हणून नेमणूक झाली. विद्यार्थ्यांसाठी त्याने लिहिलेले सराव शिंगवाले आजही गिरवतात. त्यांतले काही बिनझडपांच्या जुन्या शिंगासाठी आहेत. झडपांचे शिंग वाजवणाऱ्याने आधी जुन्या शिंगावर ओठ आणि कान घोटावेत, असा त्यातला रोख. यंत्र हाती आले म्हणून कानाचे काम यंत्रावर सोपवायचे नाही. हल्ली हातातल्या फोनवर आकडेमोड करणाऱ्या मुलांना पाढे कशाला पाठ करायचे असा वाद घरोघर चालतो, तेव्हा मला या म्हाताऱ्याची आठवण होते. १८७५ पासून पुढे वीसएक वर्षे त्याने म्युनिकचा ‘विल्ड गुंगल’ हा हौशी लोकांचा वाद्यवृंदही चालवला. दिवसभर आपापली कामे करून संध्याकाळी वाजवायला जमणारी ती मंडळी. पण फ्रान्झच्या हाताखाली हौस म्हणजे ढिलाई नव्हे, हे त्यांना लवकरच कळले असावे.

मुलाला मात्र त्याने शिंग शिकवले नाही. पियानो दरबारच्या हार्पवाल्याने शिकवला आणि व्हायोलिन नात्यातल्या बेनो वाल्टरने. म्हणजे शिक्षक सगळे बापाच्या वर्तुळातले, पण वाद्य बापाचे नव्हे. तरीही शिंग त्या पोराच्या कानात पाळण्यापासून गेले. बाळ शिंगाचा आवाज ऐकला की हसे आणि व्हायोलिन ऐकले की भोकाड पसरी, असे आई सांगत असे, ही आठवणही रिचर्डनेच लिहून ठेवली आहे. घरात वाग्नरला बंदी. मुलाला मोझार्ट-बेथोव्हनचे बाळकडू. आणि व्हायचे तेच झाले. सतराव्या वर्षी पोराच्या हाती ‘ट्रिस्टान’ची वही लागली आणि बापाच्या मनाविरुद्ध त्याने ती अधाशासारखी वाचून काढली. ज्या घरात अमुक पुस्तक वाचायचे नाही असा दंडक असतो, त्या घरातली मुले नेमके तेच पुस्तक कुठे बसून वाचतात, हे आपण सगळेच जाणतो.

पण त्याच सुमारास, अठराव्या वर्षी, त्याने शिंगासाठी एक कन्चेर्टो रचायला घेतला. कन्चेर्टो म्हणजे एक वाद्य पुढे आणि सगळा वाद्यवृंद त्याच्या साथीला. पियानोच्या साथीची प्रत त्याने वडिलांना अर्पण केली. वडिलांनी तो घरी वाजवून पाहिला. त्यातला वरच्या पट्टीतला स्वर काढताना म्हाताऱ्याची दमछाक होई आणि तो चिडे, असे मुलीने म्हणजे रिचर्डच्या बहिणीने सांगितले आहे. साठी ओलांडलेला बाप, त्याच्याच वाद्यावर मुलाने घातलेले कोडे, आणि शेजारच्या खोलीत कान देऊन बसलेली घरची माणसे! लोकांपुढे बापाने ते कधी वाजवले नाही. १८८५ साली माइनिंगनला दुसऱ्या एका वादकाने ते प्रथम सादर केले आणि वाद्यवृंद चालवायला होता तोच हान्स फोन ब्यूलो.

या ब्यूलोचा आणि फ्रान्झचा एक प्रसंग सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. माइस्टरझिंगरच्या त्या भांडणाला सोळा वर्षे झाली होती. १८८४ च्या नोव्हेंबरात ब्यूलो आपला वाद्यवृंद घेऊन म्युनिकला आला आणि वीस वर्षांच्या रिचर्डची एक रचना त्याने कार्यक्रमात घेतली. शिवाय ती रिचर्डनेच चालवावी, तीही बिनतालमीची, असा हुकूम सोडला. पोराने आयुष्यात कधी वाद्यवृंद चालवला नव्हता. पण तो पार पडला. बाप भरून आला. मनातले सगळे किल्मिष बाजूला ठेवून तो ब्यूलोच्या खोलीत आभार मानायला गेला. ब्यूलो वाघासारखा अंगावर आला. आभार कसले मानता, या म्युनिकमध्ये तुम्ही मला काय काय छळले ते मी विसरलेलो नाही. आज मी केले ते तुमच्यासाठी नव्हे, तुमच्या मुलाच्या अंगी गुण आहे म्हणून केले, अशा अर्थाचे त्याने तोंडावर सुनावले. फ्रान्झ एक शब्द न बोलता खोलीबाहेर पडला.

वाचताना वाईट वाटते. पण नीट पाहा, ब्यूलोने काय केले? माणसाचा राग माणसाजवळ ठेवला आणि संगीताचा न्याय संगीताला दिला. फ्रान्झ स्ट्राउसने वाग्नरच्या बाबतीत आयुष्यभर हेच केले होते. त्या संध्याकाळी त्याच्याच तत्त्वाचे फळ त्याच्या मुलाच्या पदरात पडले. ते गोड नव्हते एवढेच.

पुढे मुलगा दूरच्या गावी नोकरीला गेला आणि बापाची पत्रे सुरू झाली. वाद्यवृंदापुढे उभा राहून सापासारखा वळवळू नकोस, तुझ्यासारख्या उंच माणसाला ते शोभत नाही. पितळी वाद्ये जपून वापर. बाहेरच्या झगमगाटापेक्षा आतल्या आशयाकडे बघ. अशा सूचना टपालाने येत. पहिली सूचना मुलाने मानली. म्हातारपणच्या रिचर्डची हाताची हालचाल अगदी मोजकी असे. दुसरी मात्र त्याने साफ धुडकावली. तो कट्टर वाग्नरपंथी झाला आणि शिंगांची तर त्याने उधळण केली. ‘डॉन जुआन’मध्ये चार शिंगे एकदम गरजून उठतात. ‘टिल ऑयलेनश्पीगल’ या खट्याळ कथेतला नायक शिंगातूनच अवतरतो. ‘हेल्डेनलेबेन’ला आठ शिंगे लागतात, आणि १९१५ सालच्या ‘आल्प्स सिंफनी’ला पडद्यामागची धरून वीस! नव्या संचालकांसाठी त्याने पुढे गमतीने दहा नियम लिहिले, त्यांत पितळी वाद्यांकडे प्रोत्साहनाच्या नजरेने कधी पाहू नये असा एक आहे. शिंगवाल्याच्या पोटी जन्मलेल्यालाच हे सुचावे.

फ्रान्झ ३१ मे १९०५ रोजी वारला. मुलगा आपल्या मताचा झाला नाही, हे शल्य बरोबर घेऊनच तो गेला असेल. पण मुलाने बापाकडून काय घेतले? बापाची मते नव्हेत, हे उघड आहे. त्याने घेतला तो आवाज. रोज घरात घासून, पुसून, न कंटाळता लख्ख केला जाणारा तो शिंगाचा स्वर. पुढे ज्या ज्या शिंगवाल्याने रिचर्ड स्ट्राउस वाजवला, तो नकळत फ्रान्झचा विद्यार्थी झाला. कारण शिंगाकडून काय मागता येते, हे रिचर्डला ठाऊक झाले ते बापाच्या बैठकीच्या खोलीत. आम्ही शिक्षकमंडळी वर्गात आपली मते फार आग्रहाने मांडतो. मुले ती परीक्षेपुरती लिहितात आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत विसरतात. पण मास्तर शब्द कसा उच्चारतात, चुकलेली ओळ कशी खोडतात, न आवडणाऱ्या कवीची कविताही मन लावून शिकवतात की उरकून टाकतात, हे ती पाहत असतात, आणि तेच बरोबर नेतात. घरोघरच्या आईबापांची गोष्ट याहून वेगळी नाही.

याला पुरावा रिचर्डच्याच उतारवयात मिळतो. १९३३ ते १९३५ तो नाझी राजवटीच्या संगीत-मंडळाचा अध्यक्ष होता, आणि तो डाग त्याच्या चरित्रावरून पुसता येत नाही. युद्ध पेटलेले असताना, १९४२ साली, पहिल्या कन्चेर्टोनंतर जवळजवळ साठ वर्षांनी, अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या या म्हाताऱ्याने शिंगासाठी दुसरा कन्चेर्टो लिहिला. १९४३ च्या ऑगस्टमध्ये तो साल्झबुर्गला प्रथम वाजला. वाग्नरच्या वादळातून गेलेला मुलगा इथे पुन्हा मोझार्टच्या अंगणात, म्हणजे वडिलांच्या देव्हाऱ्यापुढे येऊन बसल्यासारखा वाटतो. आणि दोन महिन्यांच्या आत, ऑक्टोबरच्या आरंभी, बाँबवर्षावात म्युनिकचे ते नाट्यगृह जळून खाक झाले. त्या दिवसांत लिहिलेल्या एका पत्रात त्याने आपले दुःख सांगितले आहे. हे आयुष्यातले सर्वांत मोठे संकट, असे तो म्हणतो. आणि ते नाट्यगृह आपल्याला कशासाठी प्रिय होते हे सांगताना ‘ट्रिस्टान’ आणि ‘माइस्टरझिंगर’च्या पहिल्या प्रयोगांबरोबर आणखी एक गोष्ट मोजतो: तिथे आपले वडील पहिल्या शिंगाच्या खुर्चीवर बसत. एकोणऐंशी वर्षांच्या जगप्रसिद्ध माणसाला राखेच्या ढिगात बापाची खुर्ची दिसत होती!

ते नाट्यगृह १९६३ साली पुन्हा उभे राहिले. आपल्याला अभिमान वाटावा अशी गोष्ट म्हणजे १९९८ ते २००६ या काळात तिथल्या संगीताची सूत्रे मुंबईत जन्मलेल्या झुबिन मेहता यांच्याकडे होती. फ्रान्झ ज्या दरबारी वाद्यवृंदात बेचाळीस वर्षे बसला, त्याचाच आजचा वारस त्यांनी आठ वर्षे चालवला.

रिचर्ड ८ सप्टेंबर १९४९ रोजी वारला. त्याच्या आदल्या वर्षी त्याने वाद्यवृंदाच्या साथीची चार गीते लिहिली. त्यांतले सर्वांत शेवटी हातावेगळे केलेले गीत म्हणजे ‘सप्टेंबर’. पावसात भिजणारी बाग, सरत आलेला उन्हाळा, विसाव्याची ओढ, असा त्याचा विषय. पाचेक मिनिटांचे ते गीत आता घरबसल्या फोनवरही ऐकता येते. फराळाची गडबड ओसरली, की एखाद्या निवांत संध्याकाळी जरूर ऐका. जर्मन शब्द कळले नाहीत तरी अडत नाही. गाणारीचा आवाज शेवटी थांबतो, तेव्हा गीत संपले असे वाटेल. पण लगेच उठू नका. त्यानंतर एक शिंग एकटेच, अगदी हळू, काही ओळी वाजवते. वाजवणारा कोणीही असो, ती खुर्ची फ्रान्झ स्ट्राउसची आहे.